भाषण कोणाचं, संमती कोणाची

११ डिसेंबर १९९५ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या एकाच खंडपीठानं मुंबईतल्या दोन निवडणुकांबद्दल निकाल दिले. दोन्ही ठिकाणी निवडून आलेला उमेदवार शिवसेनेचा, दोन्ही प्रचारांत बाळासाहेब ठाकरे यांची भाषणं वादात, आणि मुंबई उच्च न्यायालयानं दोन्ही निवडणुका धर्माच्या नावावर मतं मागितल्याच्या कारणावरून रद्द केलेल्या. सर्वोच्च न्यायालयानं त्यांपैकी विलेपार्ल्याचे डॉ. रमेश प्रभू यांची निवड रद्दच ठेवली. दादरचे मनोहर जोशी मात्र सुटले, आणि ते त्या वेळी राज्याचे मुख्यमंत्री होते.

या दिवसाची आठवण निघाली की लोक ‘हिंदुत्व ही जीवनपद्धती’ या वाक्याविषयी बोलतात. ते वाक्य गाजलं, जाहीरनाम्यांत आणि सभांत फिरलं. पण एक उमेदवार बुडाला आणि दुसरा तरला, तो त्या वाक्यामुळे नव्हे. निकालपत्रं शेजारी ठेवून वाचली, तर धर्म म्हणजे काय यापेक्षा बोललं कोण, कोणाच्या संमतीनं, अर्जात ते लिहिलं होतं का आणि नोटीस कोणाला गेली, हेच प्रश्न ठिकठिकाणी आडवे येतात. धार्मिक प्रचाराविरुद्धचा आपला कायदा असा आहे. बाहेरून तो तत्त्वाचा दिसतो, आत शिरलं की कारकुनी काटेकोरपणाचा.

मूळ तरतूद लोकप्रतिनिधित्व कायदा, १९५१ यातल्या कलम १२३ मध्ये आहे. निवडणुकीत कोणतं वर्तन ‘भ्रष्ट’ मानायचं त्याची यादी तिथे दिली आहे. लाच आहे, दडपण आहे, मतदारांना वाहनानं नेणं आहे, आणि उपकलम ३ मध्ये धर्म, वंश, जात, समाज किंवा भाषा यांच्या आधारे मत द्या किंवा देऊ नका असं आवाहन करणं आहे. धार्मिक चिन्हांचा वापरही त्यातच येतो. १९६१ साली कायदा बदलला तेव्हा दोन गोष्टी घडल्या. त्याआधी आवाहन ‘पद्धतशीर’ असावं लागे, ती अट गेली, त्यामुळे एक भाषणही पुरेसं झालं. आणि धर्म ‘त्याचा’ असावा, असा शब्द आत आला. या शब्दानं पुढे किती वर्षं खाल्ली ते पाहूच. त्याच वेळी उपकलम ३-अ जोडलं गेलं. निवडणुकीत लाभ व्हावा म्हणून समाजासमाजांत वैर किंवा द्वेष पसरवणं हा वेगळा भ्रष्ट व्यवहार ठरला.

यादीत भाषाही आहे, हे मराठी वाचकानं विसरू नये. ‘उमेदवार आपल्या भाषेचा आहे, म्हणून मत द्या’ हे आवाहन कायद्याच्या नजरेत ‘आपल्या धर्माचा आहे, म्हणून मत द्या’ याच्याच पंगतीत बसतं. मात्र भाषा जपण्यासाठी झटेन असं म्हणणं वेगळं. १९६२ साली हरियाणाकडच्या झज्जर लोकसभा मतदारसंघातून जगदेवसिंग सिद्धांती निवडून आले. त्यांच्या सभांत ‘ओम्’चे ध्वज होते आणि प्रचाराला हिंदी आंदोलनाची पार्श्वभूमी होती. निवड रद्द करायला ही दोन्ही कारणं सर्वोच्च न्यायालयाला पुरेशी वाटली नाहीत. आपली भाषा टिकवण्याचा हक्क राज्यघटनेनंच दिला आहे, त्यासाठी आंदोलन करण्याचं वचन देणं हा भ्रष्ट व्यवहार कसा होईल, असा तो तर्क.

सुरुवातीच्या दशकांतले खटले आज वाचताना मजा येते, कारण न्यायाधीशांना कोंबडा, तारा आणि गाय यांचा निवाडा करावा लागला. १९५७ साली बिहारमध्ये सिंहभूमकडच्या एका आदिवासी मतदारसंघात झारखंड पक्षाचं चिन्ह कोंबडा होतं. चिन्ह निवडणूक आयोगानंच दिलेलं, त्यात गैर काही नाही. पण प्रचारपत्रकात कोंबडाच बोलू लागला. मला मतांचा चारा घाला, नाही घातला तर माझा कोप होईल, असा त्याचा सूर. आदिवासींच्या पूजाविधीत कोंबड्याचा बळी असतो. तेव्हा साधं निवडणूक चिन्ह या पत्रकामुळे धार्मिक झालं, असं न्यायालय म्हणालं आणि शुभनाथ देवगम यांची निवड गेली. गुजरातेत स्वतंत्र पक्षाच्या ताऱ्याला प्रचारात ध्रुवतारा केलं गेलं, तिथे मात्र न्यायालय म्हणालं की ध्रुवाची कथा श्रद्धेनं सांगितली जात असली तरी तारा हे काही धर्माचं चिन्ह नाही. पंजाबात एका उमेदवारानं ‘पंथा’ची इभ्रत राखा असं पत्रक काढलं. ‘पंथ’ म्हणजे शीख धर्म की अकाली पक्ष, असा वाद झाला. न्यायालयानं पत्रक राजकीय संदर्भात वाचलं, अर्थ पक्ष असा घेतला, आणि कुलतार सिंग वाचले.

१९७१ सालच्या इंदिरा गांधींच्या निवडणुकीवर राजनारायण यांनी जी प्रसिद्ध याचिका केली, तिच्यातही असा एक आरोप होता, हे फारसं कोणाच्या ध्यानात नसतं. काँग्रेसचं नवं चिन्ह गाय-वासरू. गाय हिंदूंना पूज्य, म्हणून हे धार्मिक चिन्ह, असं राजनारायण यांचं म्हणणं. अलाहाबाद उच्च न्यायालयाचे न्या. जगमोहनलाल सिन्हा यांनी निवडणूक रद्द केली, पण वेगळ्या कारणांसाठी. गाय-वासराचा मुद्दा त्यांनी फेटाळला. त्या निकालानंतर घाईनं झालेल्या दुरुस्तीचा परिणाम मात्र धार्मिक प्रचाराच्या खटल्यांवर आजही होतो. कायद्यात ‘उमेदवार’ कोण याची व्याख्या तेव्हा आकसली. पूर्वी माणूस स्वतःला उमेदवार म्हणून मिरवू लागला की तेव्हापासून त्याचं वर्तन तपासलं जाई. १९७५ नंतर रीतसर नामनिर्देशन झाल्यावरच तो उमेदवार. म्हणजे अर्ज भरायच्या आदल्या संध्याकाळी मैदानात काहीही बोलून घ्यावं, कलम १२३ त्याच्यापर्यंत पोहोचत नाही. ही फट इतकी मोठी आहे की तिच्याविषयी एवढी शांतता का, याचं मला नवल वाटतं.

गाईच्या बाबतीत सगळेच सुटले असं नाही. १९६७ साली बनासकांठा लोकसभा मतदारसंघातून मनुभाई अमरसी निवडून आले. त्यांच्यासाठी शंभू महाराजांनी सभा घेतल्या. काँग्रेसला मत दिलंत तर गोहत्येचं पाप लागेल, असा त्या भाषणांचा रोख होता. सर्वोच्च न्यायालयानं निवड रद्द ठरवली. मतदाराला देवाच्या कोपाची भीती घालणं हे कलम १२३ मध्ये दडपणाच्या सदरात येतं. लाठी दाखवणं आणि नरक दाखवणं यांत कायदा फारसा फरक करत नाही, आणि ते योग्यच आहे.

मुंबईचा पहिला मोठा खटला शिवसेनेचा नव्हे. १९७२ साली कुंभारवाडा मतदारसंघातून मुस्लिम लीगचे झियाउद्दीन बुखारी विधानसभेवर गेले. त्यांच्यासमोर काँग्रेसचे शौकत छागला होते. दोघेही मुसलमान. तेव्हा धर्माच्या नावावर मत मागायचं कसं? बुखारींनी ते असं केलं की छागला खरे मुसलमान नाहीत, ते ना धड हिंदू ना धड मुसलमान, त्यांना मत देणारा देवाला तोंड दाखवू शकणार नाही, असं सभांत सांगितलं. उच्च न्यायालयानं निवड रद्द केली आणि १९७५ साली न्या. मिर्झा हमीदुल्ला बेग यांनी लिहिलेल्या निकालानं ती रद्दच राहिली. उमेदवार एकाच धर्माचे असले म्हणून कायदा थांबत नाही. आपण अधिक पक्के आणि समोरचा बाटगा, असं सांगून मत मागणं हेही धर्माच्याच आधारे मागणं.

हा खटला वकिलांना दुसऱ्याच कारणासाठी पाठ असतो. पोलिसांनी सभांची भाषणं ध्वनिफितीवर घेतली होती. ती फीत पुरावा मानायची का? न्यायालय म्हणालं, मानायची. आवाज कोणाचा हे ओळखलं गेलं पाहिजे, फितीत फेरफार नाही हे पटलं पाहिजे, आणि तिचा विषयाशी संबंध हवा. आज मोबाइलमधल्या चित्रफितींवरून जे वाद होतात त्यांची मुळं या कुंभारवाड्यातल्या सभांत आहेत. पुढे संगणकीय पुराव्याला प्रमाणपत्राची अट आली. ती किती कडक, याचा शेवटचा उलगडा २०२० साली जालन्याच्या अर्जुन खोतकर विरुद्ध कैलास गोरंट्याल या प्रकरणात झाला. त्या खटल्यात धर्माचा काही संबंध नव्हता, उमेदवारी अर्ज वेळेत भरला की उशिरा, एवढाच वाद होता. पण भाषणाची चित्रफीत घेऊन न्यायालयात जाणाऱ्याला जालन्याच्या रस्त्यानंच जावं लागतं.

आता पार्ल्याकडे परत. डिसेंबर १९८७ मधली ती पोटनिवडणूक. शिवसेना-भाजप युती अजून व्हायची होती. प्रभूंच्या प्रचारात ठाकरे यांनी २९ नोव्हेंबर, ९ डिसेंबर आणि १० डिसेंबरला भाषणं केली, १३ तारखेला मतदान झालं आणि प्रभू जिंकले. काँग्रेसचे पराभूत उमेदवार प्रभाकर कुंटे न्यायालयात गेले. ही निवडणूक आम्ही हिंदुत्वाच्या रक्षणासाठी लढतो आहोत, मुसलमानांच्या मतांची आम्हाला पर्वा नाही, अशी त्या भाषणांची दिशा होती. ७ एप्रिल १९८९ रोजी उच्च न्यायालयानं धर्माच्या आधारे आवाहन आणि वैर पसरवणं या दोन्ही कारणांनी निवड रद्द केली.

सर्वोच्च न्यायालयात न्या. जगदीश शरण वर्मा, न्या. एन. पी. सिंग आणि न्या. के. वेंकटस्वामी यांच्यापुढे हा खटला चालला. हिंदुत्व या शब्दाला एकच अर्थ नाही, तो भाषणात आला एवढ्यावरून भ्रष्ट व्यवहार सिद्ध होत नाही, बोलणारा तो कशा अर्थानं आणि कशासाठी वापरतो ते पाहावं लागेल, असं त्यांनी म्हटलं. त्या ओघात जीवनपद्धतीचं ते वाक्य आलं. मग त्यांनी पार्ल्याची भाषणं पाहिली आणि निष्कर्ष काढला की इथे अर्थाविषयी शंका उरतच नाही. उमेदवार हिंदू आहे म्हणून मत मागितलं गेलं. एका पक्षाच्या सर्वोच्च नेत्यानं अशी भाषा वापरावी याबद्दल खेदही व्यक्त केला. म्हणजे ज्या निकालातलं वाक्य हिंदुत्वाचा परवाना म्हणून मिरवलं गेलं, त्याच निकालात हिंदुत्वाच्या नावानं मतं मागणारा उमेदवार हरला होता. आपल्याकडे निकालपत्र वाचायची पद्धत नाही, त्यातली वाक्यं उचलायची आहे.

जोशींचं प्रकरण १९९०च्या विधानसभा निवडणुकीचं. नितीन भाऊराव पाटील यांच्या याचिकेत ठाकरे, प्रमोद महाजन यांची भाषणं होती, प्रचाराच्या कॅसेटी होत्या, आणि २४ फेब्रुवारी १९९० रोजी शिवाजी पार्कवर स्वतः जोशी यांनी उच्चारलेलं एक वाक्य होतं. पहिलं हिंदू राज्य महाराष्ट्रात स्थापन होईल, असं ते वाक्य. इतरांच्या भाषणांचा भाग तांत्रिक कारणांनी गळाला. दुसऱ्याच्या भाषणाची जबाबदारी उमेदवारावर टाकायची तर त्यानं संमती दिली होती हे याचिकेत स्पष्ट लिहावं लागतं, मग सिद्ध करावं लागतं. ते नीट लिहिलेलं नव्हतं. शिवाय कलम ९९ सांगतं की ज्यानं भ्रष्ट व्यवहार केला असं न्यायालय म्हणणार आहे, तो उमेदवार नसला तरी त्याला आधी नोटीस देऊन बाजू मांडू दिली पाहिजे. प्रभू खटल्यात ठाकरे यांना ती मिळाली होती. जोशींच्या खटल्यात ठाकरे आणि महाजन यांना ती दिली गेली नव्हती. उरलं जोशींचं स्वतःचं वाक्य. न्यायालयानं ते निंद्य असल्याचं सुचवलं, पण ते फार तर एक आशा व्यक्त करतं, उमेदवाराच्या धर्माच्या नावावर मत मागत नाही, असं ठरवलं.

व्याकरणानं हे बरोबर असेल. पण निवडणुकीच्या व्यासपीठावरून उमेदवार बोलतो तेव्हा प्रत्येक आशेच्या शेवटी मताची विनंती असतेच, ती वेगळी उच्चारावी लागत नाही. शिवाजी पार्कवर जमलेल्या माणसाला हे कळतं. मला हा भाग त्या दिवसाच्या दोन्ही निकालांत सर्वांत कच्चा वाटतो.

जोशींपुढे धोका होता तो १९९०च्या आमदारकीचा नव्हता, तिची मुदत संपून गेली होती. भ्रष्ट व्यवहार सिद्ध झाला की प्रकरण राष्ट्रपतींकडे जातं, ते निवडणूक आयोगाचं मत घेतात आणि जास्तीत जास्त सहा वर्षांची अपात्रता येऊ शकते. त्यात मुख्यमंत्रिपद गेलं असतं. नेमकी हीच शिक्षा ठाकरे यांना झाली. जुलै १९९९ मध्ये राष्ट्रपतींची अधिसूचना निघाली आणि ११ डिसेंबर १९९५ पासून सहा वर्षं त्यांना निवडणूक लढवायला आणि मतदान करायला बंदी झाली. सहा वर्षांपैकी साडेतीन आदेश निघायच्या आधीच सरली होती. तरी सप्टेंबर १९९९ मध्ये लोकसभा आणि विधानसभेसाठी मतदान झालं, तेव्हा राज्यातल्या सर्वांत मोठ्या प्रचारकाला मत देता आलं नाही.

वेळेचं हे गणित या कायद्याचं खरं दुखणं आहे. निकाल लागल्यापासून ४५ दिवसांत याचिका करावी लागते. ती उच्च न्यायालयातच जाते. आरोप तपशीलवार हवेत, सोबत प्रतिज्ञापत्र हवं, आणि पुरावा फौजदारी खटल्याच्या तोडीचा, म्हणजे संशयाला जागा न ठेवणारा. एवढी कडक तारीख याचिकादाराला. न्यायालयाला मात्र कायदा सांगतो की शक्यतो सहा महिन्यांत निकाल लावा, आणि हे ‘शक्यतो’ फार सैल निघालं. पार्ल्याची पोटनिवडणूक ते अंतिम निकाल, आठ वर्षं. केरळमधले पी. सी. थॉमस २००४ साली मुवाट्टुपुळा लोकसभा मतदारसंघातून ५२९ मतांनी जिंकले. प्रचारात पोप आणि मदर तेरेसा यांच्या छायाचित्रांसोबत त्यांचं छायाचित्र छापून वाटलं गेलं होतं. २००६ साली उच्च न्यायालयानं निवड रद्द केली, सर्वोच्च न्यायालयानं ती रद्दच ठेवली २००९ साली. लोकसभेची पाच वर्षं तोवर सरली होती.

विक्रम मात्र सांताक्रूझचा. १९९० साली भाजपचे अभिराम सिंह तिथून आमदार झाले, उच्च न्यायालयानं निवड रद्द केली, आणि अपील १९९६ पासून मोठ्या पीठाकडे, मग त्याहून मोठ्या पीठाकडे सरकत राहिलं. प्रश्न १९६१ साली घातलेल्या त्या ‘त्याच्या’चा होता. धर्म कोणाचा? फक्त उमेदवाराचा, की मतदाराचाही? फक्त उमेदवाराचा म्हटलं, तर हिंदू उमेदवार मुसलमान वस्तीत जाऊन ‘तुमच्या धर्माच्या रक्षणासाठी मला मत द्या’ असं म्हणू शकेल आणि कलम १२३ त्याला हात लावू शकणार नाही. सात न्यायाधीशांनी २ जानेवारी २०१७ रोजी चार विरुद्ध तीन असा निकाल दिला. सरन्यायाधीश तीरथसिंह ठाकूर दुसऱ्याच दिवशी निवृत्त होत होते. ते, न्या. मदन लोकूर, न्या. शरद बोबडे आणि न्या. नागेश्वर राव यांनी म्हटलं की मतदाराचा धर्मही त्यात आला. न्या. धनंजय चंद्रचूड, न्या. आदर्श गोयल आणि न्या. उदय लळित यांनी विरोधी मत नोंदवलं. तीन मराठी न्यायाधीश, एक इकडे, दोन तिकडे.

अल्पमत वाचण्याजोगं आहे. धर्म, जात आणि भाषा यांमुळेच ज्यांच्यावर पिढ्यान्‌पिढ्या अन्याय झाला, त्यांनी तो अन्याय निवडणुकीत मांडायचा नाही तर कधी मांडायचा, असा त्यामागचा प्रश्न आहे. दलित वस्तीत जाऊन अत्याचाराविषयी बोलणारा उमेदवार आणि द्वेष पसरवणारा उमेदवार एकाच जाळ्यात अडकतील, ही भीती काल्पनिक नाही. तरीही मला बहुमत पटतं. अन्यायाविषयी बोलणं आणि ‘तू अमक्या जातीचा आहेस म्हणून मला मत दे’ असं म्हणणं, यांतला फरक न्यायालयं ओळखू शकतात. सिद्धांतींच्या खटल्यात त्यांनी तो भाषेबाबत ओळखलाच होता. जीवनपद्धतीच्या जुन्या वाक्याकडे मात्र या सात जणांनी पाहायचंच नाही असं ऑक्टोबर २०१६ मध्येच ठरवून टाकलं होतं. ते वाक्य आजही जागच्या जागी आहे.

झटपट उपाय म्हणून निवडणूक आयोगाकडे बोट दाखवलं जातं. एप्रिल २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं जाब विचारल्यावर आयोगानं राज्यघटनेच्या अनुच्छेद ३२४ खाली योगी आदित्यनाथ यांना ७२ तास आणि मायावती यांना ४८ तास प्रचारबंदी केली. हे लवकर होतं, पण त्यानं निवड रद्द होत नाही. आणि आयोग कोणावर कधी हात टाकेल, याचा अंदाज कोणालाच नसतो.

उच्च न्यायालयांत खटले चालूच आहेत, पण नव्या वादांत भाषणांच्या जागी कागदाचे कपटे येऊ लागले आहेत. केरळमध्ये अळीक्कोडचे आमदार के. एम. शाजी यांची २०१६ची निवड उच्च न्यायालयानं नोव्हेंबर २०१८ मध्ये एका पत्रकावरून रद्द केली. समोरचा उमेदवार मुसलमान नाही, हे त्यात मतदारांना बजावलं होतं. सर्वोच्च न्यायालयानं शाजी यांना सभागृहात बसू दिलं, मतदानाचा हक्क न देता. २०२१ साली त्रिपुणितुरा इथे काँग्रेसचे के. बाबू ९९२ मतांनी जिंकले. मतदारांना वाटलेल्या चिठ्ठ्यांवर अय्यप्पाचं चित्र होतं, अशी तक्रार घेऊन पराभूत माकप उमेदवार एम. स्वराज न्यायालयात गेले. एप्रिल २०२४ मध्ये उच्च न्यायालयानं याचिका फेटाळली. आरोप पुराव्यानिशी सिद्ध झाला नाही, असं न्यायालयाचं म्हणणं. केरळ विधानसभेच्या त्या मुदतीची तोवर तीन वर्षं होत आली होती.